एका हाताची म्हैस

भुरी आत्याखेरीज कुणालाही पान्हा सोडत नाही, हे आळीतल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. दादा कासेशी बसला की ती पोट आत ओढून घेई आणि दूध चोरी. वहिनी बसली तर दोन-चार चिळकांड्या देऊन आशा लावी आणि मग पायाने चरवी लवंडून देई. एरवी जनावर गरीब. पोरं शेपटीला लोंबकळली तरी मान वळवून बघायची नाही. पण कासेला हात लागायचा तो आत्याचाच. आत्या उकिडवी बसायची, डोकं भुरीच्या कुशीला टेकवायची आणि नाकातल्या नाकात एक सूर धरायची. त्या सुराला ना शब्द होते ना चाल. थोड्या वेळाने सड फुगून येत आणि चरवीच्या बुडाशी पहिली धार वाजे. तो आवाज ऐकला की स्वयंपाकघरात वहिनी चहाचं आधण ठेवी.

तिला आत्या म्हणावं ते खरं तर दादाच्या मुलीने, बारकीने. पण नवऱ्याने टाकून ती भावाच्या दारात आली तेव्हा तिला काय म्हणावं हा आळीला प्रश्नच पडला होता. बारकीच्या तोंडून ऐकून मग सगळेच आत्या म्हणू लागले, तिच्याहून म्हाताऱ्या बायकासुद्धा. 'परत आलेली' म्हणण्यापेक्षा ते बरं होतं.

ती आली त्याच महिन्यात भुरी जन्मली आणि भुरीची आई व्याल्यावर उठलीच नाही. दादा म्हणाला, "रेडकू काही जगत नाही. उगाच कुणी जीव लावू नका." घरात तोवर आत्याला कुणी काम सांगत नव्हतं. पाहुणीला सांगत नाहीत ना, तसं. आणि ती पाहुणी नाही हे तर भिंतींनाही माहीत होतं. त्या अवघडलेल्या दिवसांत तिने शेजारून दूध मागून आणलं, त्यात बोटं बुडवली आणि रेडकाच्या तोंडात दिली. रेडकू बोटं चोखायला लागलं.

"चला वन्सं," वहिनी म्हणाली, "एक काम तरी लागलं तुमच्यामागे." ती हे चांगल्या मनानेच म्हणाली होती.

पुढे भुरी पहिल्यांदा व्याली तेव्हा तिचं रेडकू मेलेलंच निघालं. पुढ्यात रेडकू नसलं की म्हैस पान्हावत नाही, हळूहळू आटून जाते. दादाने सगळे उपाय केले. शेवटी आत्या तिच्या तोंडाशी गेली, लहानपणी द्यायची तशी बोटं दिली, मग कासेशी बसली. भुरीने पान्हा सोडला. तेव्हापासून ती एका हाताची झाली ती झाली.

त्या वर्षी पावसाने लागोपाठ दुसऱ्यांदा तोंड फिरवलं. बैल विकले, शेळ्या गेल्या, दावणीला एकटी भुरी राहिली. तिच्या दुधावर घराची चूल पेटत होती. रानात काम नाही म्हणून आळीतल्या बायका दुपारी दादाच्या घराच्या सावलीला वाखाचे दोर वळत बसायच्या. हातांना काम असलं की तोंडं मोकळी सुटत. त्यात शिंपिणीची जीभ म्हणजे तिच्या नवऱ्याच्या कात्रीची धाकटी बहीण.

"आत्या, तुझं खरं लग्न या म्हशीशीच लागलंय बघ," ती म्हणायची. "पहिल्यापेक्षा बरंच म्हणायचं. हिची लाथ निदान दुसऱ्यांना बसते."

बायका पोट धरून हसायच्या. आत्याही हसायची. इतक्या वर्षांत ती जागा खपली धरून निबर झाली होती.

बारकी हल्ली साप्ताहिकात येणारी एक कादंबरी मोठ्याने वाचून दाखवायची. तिच्यात एका जहागीरदाराची देखणी मुलगी होती आणि तिचा पांढराशुभ्र घोडा. मुलीचं लग्न भलत्याशीच ठरलं तेव्हा घोड्याने चारापाणी सोडलं. मग तो दावं तोडून दऱ्याखोऱ्यांतून धावत गेला आणि तिच्या मनातल्या तरुणाला पाठीवर घेऊनच आला. मुलीने त्याच्या मानेला मिठी मारली, तेव्हा घोड्याच्या डोळ्यांतून पाणी आलं.

"त्या घोड्याची लीद कोण काढतं?" शिंपिणीने विचारलं.

"असलं काही नसतं गं त्यात, काकू."

"मग तो घोडा नव्हे. जावई असेल कुणाचा तरी."

बारकी रुसली. "आत्या, तू तुझी सांग. राजाच्या मुलीची."

आत्याची गोष्ट सगळ्यांची पाठ होती, तरी मागितली जायची. राजाची मुलगी सावत्र आईने रानात टाकली, ती एका म्हशीच्या दुधावर वाढली. मोठी झाली, राजपुत्राने बघितली, लग्न लागलं. वरात निघाली तशी म्हैसही मागोमाग निघाली. वाटेत मुलगी विहिरीवर पाणी प्यायला उतरली. विहिरीत जखीण होती. तिने मुलीला आत ओढलं, तिचे कपडे आपण नेसली, तिचे दागिने घातले आणि पालखीत जाऊन बसली. नवऱ्याने ओळखलं नाही. सासूने ओळखलं नाही. पण संध्याकाळी जखीण चरवी घेऊन गोठ्यात आली तर म्हशीने तिला उभंही राहू दिलं नाही. दावं तोडून ती विहिरीकडे पळाली आणि काठावर उभी राहून तिने असा पान्हा सोडला, असा पान्हा सोडला, की विहीर दुधाने काठोकाठ भरली आणि मुलगी तरंगत वर आली.

"माणूस नेसूच्याला फसतं," आत्या शेवटी म्हणायची, "जनावर फसत नाही."

"खरं का गं हे?" बारकी विचारायची.

"भुरीला विचार की."

बायका कौतुकाने गोठ्याकडे बघायच्या. आत्यालाही त्या क्षणी आपण कुणीतरी आहोत असं वाटायचं. गोष्टीपुरतं का होईना.

वहिनीने मागे एकदा आत्याचं जुनेर नेसून बघितलं होतं. हा उपाय सगळ्या दूधवाल्या घरांना माहीत असतो. पण तिने ते दोरीवरचं, धुतलेलं उचललं होतं. जनावराला लागतो अंगाचा वास, घामाचा. शिवाय आधी तोंडात बोटं द्यावी लागतात, तो सूरही लागतो. आत्याने हे बघितलं होतं आणि ती काही बोलली नव्हती. चरवी लवंडली तेव्हा तिने मुकाट्याने सांडलेल्या दुधावर राख टाकली.

का बोलली नाही, ते तिचं तिलाही नीटसं कळलं नव्हतं. ते कळलं वहिनीचे मामा आले त्या सकाळी. मामांचं बाजारपेठेत धान्याचं दुकान होतं आणि त्यांची आई अंथरुणाला खिळली होती. आत्या गोठ्यात शेण भरत होती. भिंतीपलीकडचं बोलणं कानावर आलं.

"घरचं बाईमाणूस पाहिजे हो," मामा म्हणत होते. "पगारी टिकत नाही. म्हातारीची जीभ तुम्हाला माहीत आहे. तुमची बहीण तशी मोकळीच आहे."

दादाने घसा खाकरला. मग म्हणाला, "ती गेली तर म्हैस कोण पिळणार?"

"एवढंच ना?"

"एवढंच."

"मग सवय मोडा तिची. मोडली की कळवा. वैरणीची चिंता सोडा, ट्रॉली भरून पाठवतो."

आत्या शेणाची पाटी घेऊन तशीच उभी राहिली. फार वाईट वाटलं असंही नाही. आपल्या पायाखाली काय आहे ते मात्र समजलं. चार पाय होते, आणि त्यांना खूर होते.

वैरण संपत आली तशी ती रानात जाऊन पाला ओरबाडून आणू लागली. हिरवं म्हणावं असं काट्याच्या झाडांवरच उरलं होतं. असाच एकदा फांदी ओढताना उजव्या अंगठ्याच्या बुडाशी काटा मोडला. सुईने टोकरून बघितलं तर टोक खोल गेलेलं. तिने चिंधी बांधली आणि कुणाला सांगितलं नाही. हात दुखतोय म्हटलं की वहिनीला कासेशी बसवतील, आणि बसवली की सवय मोडायला सुरुवात. धार काढायची ती अंगठ्याच्याच जोरावर. दर दाबाला कोपरापर्यंत कळ जायची. नाकातला सूर मध्येच तुटायचा, तेव्हा भुरी कान हलवून मागे बघायची.

"वन्सं, हाताला काय झालंय?"

"काही नाही. खरचटलं."

एके पहाटे हात भोपळ्यासारखा सुजला. चरवी घेऊन ती उठली आणि गोठ्याच्या उंबऱ्यावरच कोसळली.

डॉक्टरने तळहात चिरून पू काढला आणि कोपरापर्यंत पट्ट्या गुंडाळल्या. म्हणाला, आणखी थोडं थांबला असता तर हातच काढावा लागला असता. आत्या मधल्या खोलीत तापाने फणफणत पडली. अंगावरचं बदलायचंही त्राण नव्हतं. भिंतीपलीकडून भुरीचं रेकणं ऐकू येत होतं. दादा बसून बघायचा, वहिनी बसून बघायची. दर वेळी पत्र्याची चरवी दगडावर घरंगळल्याचा आवाज यायचा आणि मग दादाच्या शिव्या.

वहिनी पोटरी चोळत आत आली. "तुमच्या लाडकीने बघा काय प्रसाद दिला. काळंनिळं झालंय." मग तिनेच आत्याच्या कपाळावरची ओली घडी बदलली. "कण्हू नका. तिकडे ती, इकडे तुम्ही. मी कुणाकुणाचं ऐकू?"

दादाने ढोरांच्या डॉक्टरला आणलं. त्याचं बोलणं आत्याला स्पष्ट ऐकू आलं. "कास दगड झालीय. इंजेक्शन देतो, पण ती पिळून मोकळी व्हायला पाहिजे. आजच. नाहीतर सड जातील. ताप चढला तर जनावरही जाईल."

दुपार कलली तसं रेकणं बदलत गेलं. बारीक झालं, रेडकू ओरडावं तसं. ते ऐकवेना. आत्या भिंतीला धरून उठली आणि गोठ्यात गेली.

भुरी पाय फाकवून उभी होती. कासेची कातडी ताणून चकाकत होती. आत्याने डावा तळवा लावला. तव्यावर हात पडल्यागत चटका बसला. आत मऊ काही नव्हतंच. तिने डाव्या हाताने एक सड धरून ओढला, दोऱ्यासारखी धार आली, तांबूस. भुरीच्या अंगावर शहारा आला, पण ती हलली नाही, मान खाली घालून उभी राहिली. आत्याने पुन्हा ओढलं. बोटांत जोर येईना, डोळ्यांपुढे काळोखी आली. मागून वहिनीने काखेत हात घालून तिला धरलं नसतं तर ती भुरीच्या पायांतच पडली असती.

"अहो मराल इथे! चला आत."

आत्या तिथेच पाचोळ्यावर बसली. धाप लागली होती. भुरीच्या कासेकडे बघत ती म्हणाली, "वहिनी, दार लोटा. तुमचं सोडा, आणि माझ्या अंगावरचं नेसा."

"मागे नेसले होते की. काय उपयोग झाला?"

"ते धुतलेलं होतं."

वहिनी तिच्याकडे बघत राहिली. तिला सगळं कळलं असावं. तिने दाराला कडी घातली. आत्याचं अंगावरचं, तापाच्या घामाने ओलसर, आंबूस झालेलं नेसूचं तिने सोडवलं आणि स्वतः गुंडाळलं. आपलं आत्याला नेसवलं, कारण आत्याचा हात तर गळ्यात बांधलेला. पदर डोक्यावरून घेताना तिला हसू आलं.

"मला जखीण म्हणू नका म्हणजे झालं."

"आधी तोंडाशी जा. बोटं द्या."

"चावली तर?"

"वर पुढचे दातच नसतात तिला. द्या."

वहिनीने डोळे मिटून बोटं दिली. भुरीने हुंगलं, पुन्हा हुंगलं, आणि तिची खरबरीत जीभ बोटांभोवती फिरली.

"आता बसा. डोकं टेका कुशीला. आणखी खाली. सूर धरा."

"कुठला सूर? मला नाही येत असलं काही."

"नाकातून. कुठलाही नाही तोच."

वहिनीचा सूर रडक्या पोरासारखा निघाला. भुरीचा पाय उचलला गेला. तेव्हा आत्याने वहिनीच्या मागे सरकून आपला सूर धरला. दोन्ही सूर एकमेकांना अडखळत चालले. भुरीने पाय टेकवला. आत्या आपला आवाज थोडा थोडा खाली आणत गेली, वहिनीचा सावरत गेला. मग कासेत काहीतरी सैल झालं. आधी गाठी आल्या, मग तांबूस पाणी, आणि मग भरघोस, पांढरी, सरळ धार चरवीच्या बुडावर वाजली.

"वन्सं, सोडलं! अहो सोडलं हो हिने!" वहिनी हसत होती की रडत होती कळेना.

"सोडलं?" दाराबाहेरून दादाने विचारलं.

"सोडलं!"

आत्यालाही हसू फुटलं, अगदी पोटातून. कास तिच्या डोळ्यांदेखत उतरत होती. भुरीने डोळे अर्धे मिटले आणि कितीतरी वेळाने पहिल्यांदा रवंथ सुरू केला. चरवीवर फेस चढला. आणि मग आत्याच्या ध्यानात आलं, आपण गप्प होऊन बराच वेळ झालाय आणि धार काही थांबलेली नाही.

हात बरा झाला, पण अंगठा वळेना. ती सकाळी उठून गोठ्याकडे निघाली की वहिनी म्हणायची, "राहू द्या हो, आत्ता कुठे तिला माझी सवय लागतेय. तुम्ही दिसलात की बिथरेल." हे खरंही होतं. मग आत्या धारेच्या वेळी परसात जाऊन बसायची. नेसूचं मात्र रोज अंगावर वागवायचं आणि सकाळ-संध्याकाळ सोडून वहिनीला द्यायचं. दोर वळताना बायकांनी गोष्ट मागितली नाही. शिंपीणसुद्धा तिच्याशी गोडगोड बोलू लागली, आणि आत्याला तेच जास्त लागलं.

एका सकाळी दारात ट्रॅक्टर उभा राहिला. ट्रॉली वैरणीने शिगोशीग भरलेली. तिला कुणी काही सांगितलं नव्हतं. सांगायची गरजही नव्हती. तिने पदर खोचला आणि डाव्या हाताने पेंढ्या उतरवायला लागली. चांगली वैरण होती, पानं शाबूत, अजून गोडसर वास येणारी. भुरी दाव्याला हिसके देत होती.

निम्मी ट्रॉली रिकामी झाल्यावर दादा तिच्याजवळ आला. पेंढीची गाठ सोडत म्हणाला, "मामांच्या आईला करायला कुणी नाही. तुझीही सोय होईल. दोन वेळचं... म्हणजे तसं इथेही आहेच, पण..."

"कधी?"

"ट्रॅक्टर दुपारी परत जातोय."

"बरं."

त्याला आणखी काही बोलायचं होतं. पण पेंढीची गाठ सुटली आणि तो पुढच्या पेंढीकडे वळला.

पेटी भरताना वहिनी आली. हातात तिची दोन नेसूची होती, त्यातलं एक तिने कार्याला नेसायला म्हणून जपून ठेवलेलं. ती उंबऱ्यातच घुटमळली.

"वन्सं, रागावू नका. तुमची तेवढी इथे राहू द्या, अंगावरचंसुद्धा. एकाने भागत नाही, वास उडतो. मी माझी चांगली देतेय तुम्हाला."

"घ्या की."

"मनात काही ठेवू नका."

"नाही."

वहिनी बुटकी. तिचं आखूड पन्ह्याचं नेसूचं आत्याच्या घोट्यांच्या वर आलं. साबणाचा आणि पेटीतल्या डांबरगोळीचा वास येत होता. बारकीने तिच्या कमरेला मिठी मारली आणि हुंदके देत म्हणाली, "भुरीला सांगून तरी ये!"

गोठ्यात ती एकटीच गेली. सकाळपासून एक गोष्ट तिच्या मनात होती. तोंडाने काही सांगायला नकोच. कुशीला डोकं टेकून एकदा सूर धरायचा, बोटं द्यायची. भुरीला तेवढं पुरे. मग संध्याकाळी वहिनी बसेल आणि चरवी दगडावर घरंगळेल. उद्याही घरंगळेल. परवा दादा स्वतः मामांच्या दारात येईल न्यायला.

भुरीने वैरणीतून तोंड वर काढलं. नव्या कपड्यांचा वास घेतला, फुरफुरली आणि दाव्याच्या टोकापर्यंत मागे सरली. डोळ्यांची पांढरी कड दिसली. परक्या माणसाला बघून सरते तशी.

आत्याच्या नाकात सूर आलाच होता. एवढ्यात तिची नजर कासेवर गेली. कास सैल होती, सुरकुतलेली, संध्याकाळसाठी हळूहळू भरत असलेली. तिच्या डाव्या तळव्याला तो चटका पुन्हा बसल्यासारखा झाला. तिने ओठ दातांत धरले आणि श्वाससुद्धा जपून सोडला. भुरीने थोडा वेळ वाट बघितली. समोरचं बाईमाणूस काही करत नाही असं बघून ती पुढे आली आणि वैरणीत तोंड खुपसलं.

बाहेर ट्रॅक्टर सुरू झाला होता. दादाने पेटी ट्रॉलीत ठेवली आणि म्हणाला, "हाताला जप." वहिनी दारातून हात हलवत होती. तिने आधीच आत्याचं नेसून घेतलं होतं, धारेच्या वेळेपर्यंत अंगाला मुरावं म्हणून.

ट्रॉलीत बरीच धूळ उडत होती. गाव मागे पडल्यावर चालवणाऱ्याने तिला पुढे, चाकावरच्या पत्र्यावर बसायला बोलावलं. चांगला बोलका माणूस होता. म्हणाला, "वैरण चांगली होती ना, मावशी?"

"चांगली होती."

"तुम्ही त्या घरात कोण?"

इंजिनाच्या आवाजात तिला ऐकू आलं नाही असं त्याला वाटलं. त्याने पुन्हा विचारलं.

"म्हशीची धार काढायचे," ती म्हणाली.

"आणि आता कोण काढतं?"

"आता काढतं कुणीही."

त्याने मान हलवली आणि गिअर बदलला. ऊन उतरायला लागलं होतं, धारेची वेळ जवळ आली होती. वाऱ्याने नेसूचं वर सरकत होतं. तिने ते डाव्या हाताने गुडघ्यांखाली दाबून धरलं. सोडलं की पुन्हा वर सरकायचं. बाजारपेठ येईपर्यंत ती तेच करत राहिली.